मांडव्याचा अविनाश साबळे आणि आपल्या रस्त्यावर पळणारी पोरं

भाताची झोडणी उरकली की कर्जत-खालापूरच्या रस्त्यांवर पहाटे एक दृश्य दिसते. कडाव, कशेळे, नेरळ, चौक, वावोशी, कुठेही जा. अंधारात पायांचा आवाज आधी येतो, मग डोक्याला टोपी, गळ्याला मफलर बांधलेली चार-सहा पोरं समोरून पळत येतात. हल्ली त्यांत मुलीही असतात. मी वालाची पाहणी करायला सकाळी लवकर निघतो, तेव्हा गाडीचा दिवा खाली करून त्यांना वाट देतो. पोलीस भरती, नाही तर सैन्याची भरती, यासाठी ही पळापळ. भरती झाली की रस्ता ओस पडतो. झालेला पोरगा नोकरीवर जातो, न झालेला एखाद्या कारखान्यात नाही तर फार्महाऊसवर कामाला लागतो. पळणे दोघांचेही थांबते.

तुम्ही म्हणाल, कृषी खात्याच्या माणसाने खत-बियाणे सोडून धावण्यावर का लिहावे? मी काही खेळाचा मास्तर नव्हे. माझी पदविका शेतीची आहे. पण गेली काही वर्षे मराठवाड्यातल्या एका शेतकऱ्याच्या पोराच्या शर्यती मी वर्तमानपत्रातून आणि टीव्हीवर पाहत आलो आहे. त्याची वाटचाल पाहिली की आपल्या दोन तालुक्यांत काय घडत नाही ते नीट कळते.

त्याचे नाव अविनाश साबळे. बीड जिल्ह्यातल्या आष्टी तालुक्यातले मांडवा हे त्याचे गाव. जन्म १३ सप्टेंबर १९९४. तो जी शर्यत धावतो तिचे नाव ३००० मीटर स्टीपलचेस. बऱ्याच जणांनी ती पाहिलेली नसेल, म्हणून थोडे सांगतो. ४०० मीटरच्या गोल मैदानाला साडेसात फेऱ्या मारायच्या. वाटेत तीन फूट उंचीच्या लाकडी तुळया आडव्या असतात. साध्या हर्डलसारख्या त्या पाय लागला की पडत नाहीत. एकेकीचे वजन ८० ते १०० किलो, आपटलात तर तुम्हीच पडणार. अशा २८ तुळया ओलांडायच्या, शिवाय ७ वेळा तुळईपलीकडचा पाण्याचा खड्डाही. तो खड्डा १२ फूट लांब. ओल्या बुटांनी पुढे पळत राहायचे. पावसाळ्यात डोक्यावर ओझे घेऊन बांधावरून बांधावर जाणाऱ्या माणसाला ही शर्यत समजावून सांगावी लागत नाही.

अविनाशने हे अंतर ७ जुलै २०२४ रोजी पॅरिसमध्ये ८ मिनिटे ९.९१ सेकंदांत कापले. हा त्याचा राष्ट्रीय विक्रम. या आकड्याचा अर्थ भरतीच्या भाषेत सांगतो. सैन्याच्या अग्निवीर भरतीत १६०० मीटर साडेपाच मिनिटांच्या आत आलात तर पूर्ण ६० गुण. अविनाशच्या त्या दिवसाच्या वेगाने १६०० मीटरला ४ मिनिटे २१ सेकंद लागतात. तेही तुळया आणि पाणी ओलांडत, आणि त्यापुढे आणखी १४०० मीटर बाकी असताना.

आता मूळ मुद्दा. त्याच्याबद्दल जिथे तिथे एक गोष्ट छापून येते. शाळा सहा किलोमीटर लांब, वाहन नाही, म्हणून पोरगा लहानपणापासून पळत शाळेत जायचा आणि तसाच पळता पळता ऑलिंपिकला पोहोचला. गोष्ट ऐकायला गोड आहे. शाळा लांब होती हे खरे, तो पळत जायचा हेही खरे. पण अशी पोरं आपल्याकडे काय कमी आहेत? डोंगरावरच्या वाड्यांतून आश्रमशाळेत उतरणारी आणि संध्याकाळी परत चढणारी मुले मी रोज बघतो. शाळा लांब असल्याने धावपटू होत असता तर कर्जत-खालापूरने आजवर पन्नास अविनाश दिले असते. एकाचे तरी नाव सांगा बरे.

त्याचे आईवडील शेतकरी, आणि वीटभट्टीवरही कामाला जायचे. हे वाक्य आपल्या वाचकांनी दोनदा वाचावे. वीटभट्टी आपल्याला परकी नाही. दिवाळी झाली की आपल्या कातकरी वाड्या रिकाम्या होतात, माणसे उचल घेऊन भट्टीवर जातात, पोरेही बरोबर जातात. तेव्हा सुरुवातीला अविनाश आणि आपली पोरे यांत फार अंतर नव्हते. पुढे अंतर कुठे पडले ते पाहण्यासारखे आहे.

ते पडले बारावीनंतर. घरच्या गरजेपोटी तो सैन्यात दाखल झाला, महार रेजिमेंटच्या पाचव्या पलटणीत. खेळाडू म्हणून नव्हे, साधा शिपाई म्हणून. सियाचीनच्या बर्फात राहिला, राजस्थानच्या वाळवंटात राहिला, पुढे सिक्कीमला गेला. धावण्याच्या स्पर्धेत तो उतरला २०१५ मध्ये, सैन्यातल्या अंतर्गत क्रॉसकंट्रीत. तेव्हा वय २१ च्या आसपास. आपल्याकडे त्या वयात पोरगा ‘आता वय झालं’ म्हणतो. स्टीपलचेसकडे तर त्याला सैन्यातले प्रशिक्षक अमरीश कुमार यांनी २०१७ मध्ये वळवले. मधल्या काळात त्याचे वजन वाढले होते, तेही उतरवावे लागले.

माझ्या मते सगळी किल्ली इथे आहे. पदक मिळाले म्हणून त्याला पगार मिळाला असे नाही, तर पगार आधीच होता म्हणून तो पदकापर्यंत पोहोचला. दोन वेळचे पोटभर जेवण, राहायला जागा, आजारी पडला तर दवाखाना, आणि सकाळी ‘तू पळ, तुझं काम दुसरा बघेल’ असे म्हणणारा वरिष्ठ. पैलवानाला खुराक आणि वस्ताद लागतो हे आपल्या माणसाला पिढ्यान्‌पिढ्या माहीत आहे. धावणाऱ्यालाही तेच लागते हे मात्र आपण धरतच नाही. पाय देवाने दिलेत ना, मग पळ, असा आपला हिशेब.

आता त्याच्या प्रगतीची नोंदवही बघा. मी ती पिकाच्या नोंदीसारखी मांडून ठेवली आहे. २०१८ मध्ये भुवनेश्वरला त्याने ८ मिनिटे २९.८० सेकंद अशी वेळ दिली आणि गोपाळ सैनी यांचा १९८१ पासूनचा विक्रम मोडला. ३७ वर्षे तो विक्रम कुणाला हलवता आला नव्हता. पुढल्या वर्षी, २०१९ ला, तो ८ मिनिटे २१.३७ वर आला. २०२१ ला टोकियो ऑलिंपिकमध्ये ८ मिनिटे १८.१२. २०२२ ला बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेत ८ मिनिटे ११.२०. आणि २०२४ ला वर सांगितलेले ८ मिनिटे ९.९१. मधले लहान टप्पे धरले तर त्याने राष्ट्रीय विक्रम एकूण १० वेळा मोडला, त्यांतला पहिला सोडला तर बाकी सगळे स्वतःचेच. सहा वर्षांत मिळाले किती? सुमारे २० सेकंद.

शेतकरी बंधूंनो, २० सेकंद म्हणजे काय हो, विडी पेटवायला लागतात. पण आपल्या कर्जतच्या भात संशोधन केंद्रात जाऊन विचारा, एक वाण तयार व्हायला किती वर्षे जातात. कर्जत-३ असो की कर्जत-७, आपण पिशवी फोडून पेरतो, पण त्यामागे संकर करायचा, पिढ्यामागून पिढ्या निवड करायची, मग चाचण्या घ्यायच्या, असा वर्षानुवर्षांचा उद्योग असतो. त्यातही कुणी एका वर्षी खर्च बंद केला असता तर वाण बाहेर आलेच नसते. अविनाशच्या नोंदवहीत एकेका टप्प्याला थोडे थोडे सेकंद कमी झालेले दिसतात. त्यामागे कुणीतरी दर वर्षी न चुकता खर्च केलेला आहे, आणि तो वाया गेलेल्या वर्षीही केलेला आहे.

कारण वाया गेलेली वर्षेही आहेत. त्याबद्दल कुणी लिहीत नाही. २०१८ ला घोट्याच्या दुखापतीने त्याची आशियाई स्पर्धा हुकली. २०१९ ला दोहाच्या जागतिक स्पर्धेत प्राथमिक फेरीत दुसऱ्या धावपटूंमुळे त्याला अडथळा झाला. भारताने तक्रार केली, ती मान्य झाली, तेव्हा कुठे तो अंतिम फेरीत धावला आणि १३ वा आला. टोकियोत स्वतःचा विक्रम मोडूनही अंतिम फेरी हुकली. २०२२ च्या जागतिक स्पर्धेत अंतिम फेरीत ११ वा. २०२३ ला बुडापेस्टला प्राथमिक फेरीतच बाहेर. आपण शेतकरी एका पिकाने दगा दिला की ते पीक सोडून देतो, मीही अशा बैठकांत कित्येकदा हात टेकलेत. इथे तर चार-पाच हंगाम असे गेले.

आणि मधल्या चांगल्या हंगामांचे काय सांगावे! बर्मिंगहॅमला ऑगस्ट २०२२ मध्ये तो केनियाच्या अब्राहम किबीवोटच्या मागे फक्त ०.०५ सेकंदाने राहिला. डोळ्याची पापणी लवायलाही याहून जास्त वेळ लागतो. पण त्या रौप्यपदकाची किंमत अशी, की १९९८ पासून राष्ट्रकुलमध्ये या शर्यतीची तिन्ही पदके दर वेळी केनियाचीच पोरे घेऊन जात होती. ती साखळी मांडव्याच्या पोराने तोडली. पुढच्या वर्षी हांगचौच्या आशियाई स्पर्धेत त्याने ८ मिनिटे १९.५० सेकंदांत सुवर्णपदक घेतले. या शर्यतीत भारताच्या पुरुषांना आशियाई स्पर्धेत मिळालेले हे पहिले सुवर्ण. त्याच स्पर्धेत ५००० मीटरमध्ये रौप्य. २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये स्टीपलचेसची अंतिम फेरी गाठणारा तो पहिला भारतीय पुरुष ठरला, तिथे ११ वा आला. मे २०२५ मध्ये गुमीला आशियाई अजिंक्यपद.

मग ११ जुलै २०२५. मोनॅकोची शर्यत. पाण्याच्या खड्ड्यापाशी तो पडला. गुडघ्यातला अस्थिबंध तुटला, कूर्चालाही इजा झाली. शस्त्रक्रिया करावी लागली आणि त्या सप्टेंबरची टोकियोची जागतिक स्पर्धा गेली. तेव्हा तो ३१ व्या वर्षाच्या उंबरठ्यावर होता. या वयात गुडघा गेला की नुसत्या मेहनतीने भागत नाही, महिनोन्‌महिने व्यायाम, मालीश, तपासण्या, आणि पळायचे नाही. शेतकऱ्याच्या भाषेत, रान पडीक ठेवायचे आणि तरी मशागत चालू ठेवायची. अशा काळात ज्याच्यामागे नोकरी आहे तो निदान घरी पैसे पाठवू शकतो. ज्याच्यामागे नाही, त्याचे धावणे त्या पाण्याच्या खड्ड्यातच संपते. गावोगावी असे संपलेले कबड्डीपटू आणि पैलवान तुम्हालाही ठाऊक आहेत. त्यांचे गुडघे आता भाताच्या लावणीला वाकत नाहीत.

मुलींचे काय, हा प्रश्न कुणी तरी विचारीलच. त्याचे उत्तर सातारा जिल्ह्यात आहे. माण तालुक्यातल्या मोहीची ललिता बाबर. माण म्हणजे दुष्काळाचा तालुका, आपण इथे १०० इंचांहून जास्त पाऊस मोजतो, त्याच्या पाव वाट्यालाही तो मोताद. ही शेतकऱ्याची मुलगी आधी लांब पल्ल्याची धावपटू. मुंबई मॅरेथॉनमध्ये भारतीय महिलांत लागोपाठ पहिली आलेली. तिला रेल्वेची नोकरी मिळाली, आणि प्रशिक्षक निकोलाय स्नेसारेव्ह यांच्या हाताखाली ती स्टीपलचेसकडे वळली. २०१४ ला इंचॉनच्या आशियाई स्पर्धेत कांस्य, २०१५ ला आशियाई अजिंक्यपद, त्याच वर्षी जागतिक स्पर्धेत आठवी. २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्ये प्राथमिक फेरीत तिने ९ मिनिटे १९.७६ सेकंद असा राष्ट्रीय विक्रम केला आणि अंतिम फेरीत दहावी आली. १९८४ ला पी. टी. उषा यांच्यानंतर ३२ वर्षांनी भारतीय मुलगी ऑलिंपिकमध्ये धावण्याच्या वैयक्तिक शर्यतीच्या अंतिम फेरीत पोहोचली होती. तो विक्रम २०२३ पर्यंत टिकला, मग मेरठच्या पारुल चौधरीने मोडला. ललिता बाबर पुढे राज्याच्या महसूल सेवेत उपजिल्हाधिकारी झाल्या. म्हणजे तलाठी भाऊसाहेब, तुमच्याच खात्यात.

आणि ज्यांना वाटते की आदिवासी मुलीला हे जमणार नाही, त्यांनी नाशिक जिल्ह्यातल्या हरसूलजवळच्या सावरपाड्याची कविता राऊत आठवावी. तिची शर्यत याहून लांब पल्ल्याची, १०,००० मीटरची. २०१० च्या दिल्ली राष्ट्रकुलमध्ये तिला तीत कांस्य मिळाले आणि त्याच वर्षी ग्वांगचौच्या आशियाई स्पर्धेत रौप्य. सावरपाडा काय आणि आपले खांडसकडचे पाडे काय, त्याच सह्याद्रीच्या कुशीतले. फरक इतका की तिला नाशिकमध्ये विजेंदर सिंग नावाचा प्रशिक्षक भेटला. शाळकरी वयातच तिच्यावर त्याची नजर पडली.

नजर पडणे! यावरून मला आमच्याकडचीच एक गोष्ट आठवते. नाव-गाव सांगत नाही. एका वाडीवरची मुलगी, नववीत होती. तालुक्याच्या शालेय स्पर्धेत १५०० मीटरमध्ये तिने दुसरीला निम्मी फेरी मागे टाकले. पायात बूट नव्हते. मी तिथे दुसऱ्याच कामासाठी गेलो होतो, पण थांबून पाहत राहिलो. पुढची स्पर्धा जिल्ह्याची. ती होती दिवाळीनंतर. दिवाळीनंतर वाडी रिकामी. आईबाप भट्टीवर गेले, धाकट्या भावाला सांभाळायला हीही गेली. शाळेने निरोप धाडला तो पोहोचला नाही. मी उन्हाळ्यात त्या वाडीवर नाचणीच्या बियाण्याची यादी करायला गेलो तेव्हा तिचा बाप भेटला. मी म्हटले, “अरे दादा, पोरगी केवढी पळते तुझी.” तो म्हणाला, “सायेब, पलून पोट भरतं का?” मला उत्तर देता आले नाही. खरे तर उत्तर होते. पळून पोट भरते, अविनाशचे भरले, ललिताचे भरले. पण ते १०-१२ वर्षांनी. मधल्या वर्षांत पोट कुणी भरायचे, हे त्या बापाला सांगायला माझ्याकडे काही नव्हते.

त्या वर्षी जिल्ह्याच्या स्पर्धेची तारीख आणि भट्टीचा हंगाम एकमेकांवर आले, एवढ्यावर ते धावणे संपले. मुलगी वसतिगृहात राहिली असती तरी जमले असते. पण तशी सोय लावायची म्हणजे ऑगस्टमध्येच कुणीतरी आईबापांशी बोलायला हवे, दिवाळीला नव्हे. शिक्षक, ग्रामसेवक, पोलीस पाटील, अंगणवाडी ताई, यांपैकी एकाने जरी मनावर घेतले तरी पुरे. आणि मीही त्यात येतो. मी त्या दिवशी नुसता पाहत राहिलो होतो.

वाटा आहेत, त्यांची माहिती मात्र वाडीपर्यंत पोहोचत नाही. राज्याच्या क्रीडा प्रबोधिनी आहेत, तिथे मुलामुलींना राहून शिकता येते. पुण्याला सैन्याची क्रीडा संस्था आहे, तिथल्या बॉईज स्पोर्ट्स कंपनीत ८ ते १४ वर्षांची मुले निवडून घेतात. राहणे, जेवण, शाळा, सराव, सगळे त्यांच्याकडे. कर्जत स्टेशनावरून पुण्याची गाडी पकडायला आपल्याला काय लागते? शासनाच्या नोकरभरतीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, पण त्यासाठी ठरलेल्या स्पर्धेतला ठरलेला क्रमांक आणि पडताळणी झालेले प्रमाणपत्र लागते. जत्रेतली ढाल चालत नाही. आमच्या पोरांना हे कळते तेव्हा वय निघून गेलेले असते. मात्र १४ वर्षांची अट ऐकून मोठ्या पोरांनी नाउमेद होऊ नये, अविनाशने स्पर्धा धरली ती विशीनंतरच. भरती झालेल्या पोरांना तर माझे मुद्दाम सांगणे आहे. नोकरी लागली म्हणून बूट खुंटीला टांगू नका. पोलिसांत, सैन्यात, रेल्वेत खेळाडूला संघ असतो, सराव असतो. १६०० मीटर ज्याला सोपे गेले त्याने ८०० किंवा १५०० मीटरची वेळ लावून पाहावी आणि आपल्या साहेबाला दाखवावी.

आता मैदानाबद्दल, आणि हे जरा कडू आहे. आपल्या दोन्ही तालुक्यांत जमिनीला सोन्याचा भाव आला. फार्महाऊस झाले, प्लॉटिंग झाले, ज्याने त्याने आपापली जमीन विकली, त्याबद्दल मी बोलणार नाही. पण शाळेमागची मोकळी जागा कुणाची हे एकदा तपासा. मला एक गाव माहीत आहे, जिथे तीन पिढ्या पोरे ज्या जागेवर खेळली ती सातबाऱ्यावर खासगी नावानेच होती. मालकाच्या वारसांनी विकली, कायद्याने त्यांचे काही चुकले नाही. आता तिथे आठ फुटी भिंत आहे आणि पोरे राज्य मार्गावर डंपरच्या बाजूने पळतात. तलाठी भाऊसाहेब आणि सरपंच मंडळींनी ग्रामसभेच्या आधी एवढे करावे, शाळेच्या मैदानाचा उतारा काढून पाहावा. जागा ग्रामपंचायतीची किंवा शाळेची असेल तर मोजणी करून हद्दीच्या खुणा रोवाव्यात आणि विकास आराखड्यात सपाटीकरणाची ओळ घालावी. नसेल तर मालक जिवंत आहे तोवर बोलून घ्यावे. वारस मुंबईला असतात.

पक्के मैदान होईपर्यंत शेत आहेच. आपल्याकडे राजनाल्याच्या पाण्याखालचे उन्हाळी भात आणि ओलीवरचा वाल सोडला तर बाकी खाचरे जूनपर्यंत मोकळी पडलेली असतात. डांबरी रस्त्यावर रोज पळून पोरांच्या नडगीच्या हाडाला कळा लागतात, मातीवर त्या मानाने पाय वाचतात. गावाच्या शेजारी दोन-चार शेतकऱ्यांनी मिळून सलग पाऊण एकराचा तुकडा दिला तरी २०० मीटरची फेरी बसते. मोजायला टेप नको. गुंठ्याची बाजू ३३ फुटांची. तशा २० बाजू म्हणजे ६६० फूट, म्हणजे २०१ मीटर. आठ फेऱ्या मारल्या की भरतीचे १६०० मीटर झाले, वर थोडे जास्तच. मुलींचे भरतीचे ८०० मीटर म्हणजे चार फेऱ्या. मधले आडवे बांध फोडायचे नाहीत, वाटेपुरते उतरते करून घ्यायचे. खेकड्यांची बिळे मात्र माती घालून ठोकून घ्या. त्यात पाय गेला की घोटा गेला, आणि घोट्याने अविनाशची २०१८ ची आशियाई स्पर्धा खाल्ली हे वर आलेच आहे.

काही जण मला म्हणाले, माथेरान आहे की, तिथे थंड हवेत पाठवू पोरांना, अविनाश नाही का उटीला आणि अमेरिकेत कोलोरॅडोला डोंगरावर जाऊन सराव करतो? उत्साह चांगला आहे, पण विरळ हवेचा फायदा व्हायला साधारण दीड-दोन हजार मीटर उंची लागते. माथेरान ८०० मीटरच्या आसपास. तिथे चढ आहे, सावली आहे आणि मोटारी नसलेले लाल मातीचे रस्ते अजून आहेत, ते पायाला चांगले. बाकी चमत्कार नाही.

खाण्याचे म्हणाल तर डबे विकत आणायची गरज नाही. नाचणीची भाकर, वालाचे बिरडे, अंडी, सुकट, शेंगदाणे, गूळ. मुलींच्या अंगात रक्त कमी असते, पळणाऱ्या मुलीचे वर्षातून दोनदा प्राथमिक आरोग्य केंद्रात तपासून घ्यावे. धाप लागते म्हणून मुलीला आळशी ठरवण्याआधी एवढे करा.

आणि चषकांचे काय? हिवाळा आला की गावोगाव टेनिस बॉलचे सामने भरतात. सरपंच चषक, आमदार चषक, दिव्यांचा झगमगाट, पहिल्या नंबरला दुचाकी. माझा क्रिकेटवर राग नाही, मीही खेळलो आहे. पण त्याच मैदानावर अंतिम सामन्याआधी १५०० मीटरची एक शर्यत मुलांची आणि एक मुलींची लावली तर मंडळाच्या खर्चात किती भर पडेल? बक्षीस दुचाकीचे नको. एक जोड बूट आणि सहा महिन्यांची अंडी द्या. वेळ घड्याळावर मोजून वहीत लिहा, आणि ती वही पुढच्या वर्षी पुन्हा काढा. पहिल्या वर्षी सहा मिनिटे घेणारी पोरगी पुढच्या वर्षी साडेपाचवर आली तर तुमच्या गावात काय आहे ते तुम्हाला कळेल. वही नसली तर ती नुसती ‘चांगली पळायची’ एवढेच लोकांच्या लक्षात राहते.

वालाच्या शेंगा काढून होईपर्यंत मला आठवड्यातून दोन दिवस तुमच्याच गावांतून फिरायचे आहे. ज्या गावाला फेरी आखून हवी असेल त्यांनी सकाळी सातच्या आत बांधावर यावे, दोरी आणि चुना तुमचा, मोजून मी देतो.